दोन्ही हात वर

वरणाची पळी ताटावर आली तेव्हा अपूर्वा एकदम "थांब" म्हणाली, आणि आईचा हात हवेतच राहिला. पळीच्या कडेवरून एक थेंब भातावर पडला, बाकीचं वरण पळीतच. अन्नपूर्णाबाईंनी लगेच काही विचारलं नाही, कारण या घरात कुणी थांब म्हटलं की आधी थांबायचं आणि विचारायचं ते नंतर, अशी रीत होती. बाबांनी घातलेली, अपूर्वाच्या लहानपणापासूनची. चार-पाच सेकंद पळी तशीच धरून ठेवून मग त्या म्हणाल्या, "कावून वं? गरम हाय म्हून?" वरण गरम होतं, पण ते रोजच गरम असतं. अपूर्वाने ताटात पाहिलं, पळीत पाहिलं, आईच्या मनगटावरच्या पिवळ्या डागाकडे पाहिलं. काहीतरी दिसलं होतं हे नक्की. निदान दिसल्यासारखं वाटलं होतं. "काही नाही, वाढ," ती म्हणाली, आणि भात कालवू लागली. काल सकाळीही ती असंच "थांब" म्हणाली होती, फक्त इंग्रजीत, आणि तेव्हा तिच्या मागे एकसष्ट माणसं पट्टे बांधून बसलेली होती.

काल म्हणजे रायपूरला उतरताना. जानेवारीतले ढग खाली आले होते, वारा असा होता की नेहमीच्या उलट बाजूने यावं लागत होतं, आणि त्या बाजूला जमिनीवरून वाट दाखवणारी किरणं नव्हती. अशा वेळी आकाशातल्या उपग्रहांना विचारत विचारत यायचं: आत्ता कुठे आहोत, किती उंच आहोत, सरळ आहोत ना. हे ऐकायला भलतंच वाटतं, पण रोज शेकडो विमानं अशीच उतरतात आणि अपूर्वाही सहवैमानिक म्हणून गेल्या नऊ महिन्यांत कितीतरी वेळा अशी उतरली होती. कॅप्टन पीयूष चालवत होते. तिचं काम बघायचं आणि वाचायचं. आकडे म्हणायचे. बाहेर पांढरं, काचेवर पांढरं, आणि आत दिवे. नऊशे फुटांवर समोरच्या पडद्यावर एक पिवळी ओळ उमटली. उपग्रहांवर आता भरवसा ठेवू नका, अशा अर्थाची अक्षरं. ती दिसली आणि अपूर्वाच्या तोंडून निघालं, "गो अराउंड." म्हणजे उतरणं सोडा, पुन्हा वर चला. पीयूष सरांनी मान वळवली नाही, का म्हणून विचारलं नाही. बोटाने बटण दाबलं, हाताने दोन्ही दांडे पुढे ढकलले, नाक वर घेतलं, इंजिनांचा आवाज पोटात शिरला. सगळं पुस्तकात लिहिल्यासारखं झालं. पुस्तकात नव्हतं ते एवढंच की तेवढ्यात अपूर्वाने पुन्हा पडद्याकडे पाहिलं आणि ओळ तिथे नव्हती.

दोन सेकंद? तीन? ती होती का? घास चावता चावता ती ओळ पुन्हा मांडून बघत होती. पिवळी, हे नक्की. डावीकडून तिसऱ्या चौकटीत की त्याखालच्या? पहिलं अक्षर आठवायला गेली की आठवतं ते प्रशिक्षणाच्या पुस्तकातलं चित्र, तिथे ती ओळ मोठी छापलेली होती आणि तिच्याखाली तिने स्वतः पेन्सिलीने रेघ मारली होती. मग काल दिसलं ते पडद्यावरचं की ते चित्र? आदल्या संध्याकाळी हॉटेलात तिने नेमकं तेच पान चाळलं होतं. माणूस जे वाचून झोपतो तेच सकाळी बघतो की काय. पण डोळे इतके बनेल असतील तर त्यांच्या जोरावर माणसं कशी बसवायची विमानात? आणि त्याहून लाजिरवाणं म्हणजे नंतरचं. विमान वर जायला लागलं की बाजूच्याने तसं म्हणायचं असतं, मग चाकं आत घ्यायची असतात. ते तिचं काम. तिने पंखांच्या झडपांचा एक खटका ओढला आणि तोंड मिटून ती त्या रिकाम्या चौकटीकडे बघत बसली. पीयूष सरांनाच म्हणावं लागलं, "चढ रहे हैं, अपूर्वा? गियर?" तेव्हा कुठे तिचा हात हलला. चाकं काही क्षण जास्त लटकली, त्याने काही बिघडत नाही. पण जी बाई थांबा म्हणते तिने पुढचं तरी करायला नको? ओरडून मोकळी झाली आणि स्वतःच हरवली. ढगांच्या वर आल्यावर ऊन इतकं लख्ख पडलं की तिला रडू येईल असं वाटलं. अकरा मिनिटांनी त्याच वाटेने पुन्हा खाली आले, पिवळं काही आलं नाही, तीनशे की चारशे फुटांवर धावपट्टीचे दिवे दिसले आणि चाकं टेकली. उतरताना एक जाडजूड गृहस्थ दारात थबकून म्हणाले, "क्या मैडम, रास्ता भूल गए थे?" पीयूष सर हसून म्हणाले, "एक राउंड फ्री में, अंकल." सगळे हसले. अपूर्वाही हसली.

"भाजी घे," आई म्हणाली. लाखोळीची भाजी होती. त्यासाठी बाबा सकाळपासून व्हरांड्यात पेंढी घेऊन बसले होते आणि अजून तिथेच होते, उरलेली कोवळी पानं खुडत. बळीराम भिलाईच्या पोलाद कारखान्यात पस्तीस वर्षं क्रेन चालवून निवृत्त झालेला माणूस. वितळलेल्या लोखंडाने भरलेली बादली, तिकडे तिला लॅडल म्हणतात, उंच केबिनमध्ये बसून एका भट्टीकडून दुसऱ्या भट्टीकडे न्यायची. बादली म्हणायची खरी, पण तीत हे अख्खं क्वार्टर बसलं असतं. त्यांचे हात अजूनही काही करायचं म्हटलं की हळू, मोजून हलत. पान खुडायचं तर आधी देठ बघणार, मग नख लावणार. काल रात्री ड्युटी संपवून ती घरी आली तेव्हा त्यांनी एवढंच विचारलं होतं, "थकली का?" आणि तिने हो म्हटलं होतं. आईने मात्र मीठ-मोहरी ओवाळून टाकली होती, न विचारताच. आईला काही सांगावं लागत नाही आणि सांगितलं तर पटत नाही.

जेवण आटपायच्या आत फोन वाजला. पीयूष सर. ती हात न धुताच उठली आणि मागच्या अंगणात तुळशीपाशी जाऊन उभी राहिली. "अपूर्वा, इंजीनियर ने सब चेक किया, कुछ मिला नहीं," ते म्हणाले. "इतना छोटा मैसेज रिकॉर्डिंग में आए, न आए, वो भी पक्का नहीं बोल रहा." ती म्हणाली, "सर, आपने देखा था?" ते म्हणाले, "नहीं. मैं बाहर देख रहा था, फिर नंबर देख रहा था. मैंने नहीं देखा." मग आवाज सैल करून, मोठ्या भावासारखे: "सुनो, तुम्हारा कन्फर्मेशन अगले महीने है. लिख दो कि हवा की वजह से अप्रोच स्टेबल नहीं थी. चला मैं रहा था, बात मेरे ऊपर आएगी, मुझे कोई कुछ नहीं बोलेगा. पाँच बजे तक साइन करके भेज दो, मैं नीचे साइन कर दूँगा. खत्म." तिने थँक्यू म्हटलं. आपण थँक्यू का म्हटलं ते तिला कळलं नाही. विमान सरळ येत होतं. आकडे तिनेच वाचले होते, एकही चुकला नव्हता. पीयूष सर तिच्यासाठी स्वतःवर खोटं घ्यायला तयार होते, आणि या चांगुलपणाची तिला भीती वाटत होती. याचा अर्थ त्यांनाही वाटतं की तिला काही दिसलं नाही? की त्यांना त्याची फिकीरच नाही? गो अराउंडबद्दल कुणी कुणाला जाब विचारत नाही, असं पहिल्या दिवसापासून सांगतात. पण कन्फर्मेशनच्या, म्हणजे नोकरी पक्की करण्याच्या, कागदावर सही करणारा माणूस ते सांगणाऱ्यांत नसतो. नसलेलं बघणारी पोरगी, असं कुणी लिहिणार नाही, पण एकदा मनात घेतलं की झालं. या नोकरीसाठी बाबांनी आपला फंड मोडला होता. ते कधी बोलून दाखवत नाहीत, म्हणून ते विसरताही येत नाही.

तिने तिथेच, तुळशीपाशी, खरकटा हात तसाच ठेवून डाव्या अंगठ्याने रिपोर्टचा मजकूर लिहिला. हवा, अस्थिर, म्हणून परत वर. चार ओळी. वाचून बघितल्या तर अगदी खऱ्या वाटल्या. इतक्या की कालचा वारा होता त्याहून जास्त होता असं तिला आठवायलाही लागलं, आणि मग ती घाबरली. उद्या हेच आठवेल. परवा ती पिवळी ओळ राहणारच नाही. मग पुन्हा कधी ओळ उमटली तर तोंडातून शब्द निघेल का? की आधी डोळे विचारतील, खरंच? आणि त्या खरंचमध्ये किती फूट जातील? नळाखाली हात धरून ती हिशेब करत राहिली आणि पाणी वाहत राहिलं, शेवटी आईने आतून ओरडून बंद करायला लावलं.

व्हरांड्यात येऊन ती बाबांच्या शेजारी पायरीवर बसली. सहा नंबरच्या सेक्टरमधली ही पायरी तिच्या ओळखीची, मधे खोलगट. समोरच्या गुलमोहराखाली बाबांची स्कूटर. तिथेच ती लहानपणी उभी राहायची आणि दोन्ही हात वर करायची, आणि बाबा गेटातून येता येता ब्रेक मारायचे. कारखान्यात थांब म्हणायची तीच खूण. बाबांनी सांगून ठेवलं होतं की ही खूण कुणीही केली, लहान पोराने केली, तरी मी थांबणार. तिने ते खरं आहे का हे पाहायला पुष्कळ खेळ केले. एकदा मैत्री बागेत, वाघाच्या पिंजऱ्याकडे जाताना, तिने काही कारण नसताना दोन्ही हात वर केले, आणि बाबा पेरूंची पिशवी घेऊन भर वाटेत उभे राहिले, माणसं धक्के देत गेली तरी. ती खाली हात घेईपर्यंत उभे होते. आई चिडली होती की पोरगी थट्टा करून राहिली तुमची. बाबा म्हणाले होते, करू दे. इतकी वर्षं तिला हे बाबांचं लाड करणं वाटत आलं होतं.

"बाबा," ती म्हणाली, "तुमी क्रेन थांबवली आणि मग पाहिलं तं काहीच नव्हतं, असं झालं का कधी?"

बळीरामांनी हातातलं पान पूर्ण खुडलं, टोपलीत टाकलं. "एक डाव झालं," ते म्हणाले. "तू पाच वर्साची असशील. केवलराम होता एक. ठेकेदाराचा मानूस, खुर्सीपारले राह्यचा. लॅडल भरून घेऊन चाललो होतो, आन् यानं खालून दोन्ही हात वर केले. इशारे देनारा मानूस दुसरा असते, त्याच्याशिवाय कोनाचं ऐकाचं नाही. पन थांब म्हनाचा हक सगळ्यायले असते. झाडूवाल्यालेबी. तं मी थांबवली."

"मंग?"

"लटकून राह्यली. वीस मिनिटं. सायब लोक आले, धावाधाव, भट्टी खोळंबली. केवलराम म्हने हूकापाशी काही हाललं. सगळ्यायनं पाह्यलं, काहीच नाही. पुढं नेली, रिकामी केली, पुन्हा तपासली. काहीच नाही." त्यांनी दुसरं पान उचललं. "मंग मले बोलावलं ऑफिसात. म्हने, बळीराम, तू वरून सगळं पाहतेस, तुले काही दिसलं का? मी म्हटलं, नाही साहेब."

"खरंच नव्हतं दिसलं?"

"खरंच नव्हतं." बाबा टोपलीत बघत होते. "दुसऱ्या दिवसापासून त्याचा गेटपास बंद. मी खोटं नाही बोललो, अप्पू. मले जेवढं विचारलं तेवढंच सांगितलं."

तिला विचारायचं होतं, मग त्याला दिसलं होतं का? खरंच काही हाललं होतं का? पण बाबांना ते कसं माहीत असणार. वीस वर्षं त्यांनी तो हूक डोळ्यांपुढे हलवून बघितला असेल, जसं ती कालपासून एक ओळ उमटवून बघते आहे, आणि अजून त्यांना कळलेलं नाही. कळणारच नाही. थांबवलेल्या गोष्टीचं हेच असतं, पुढे काय झालं असतं ते कुणी आणून दाखवत नाही. काही झालं नाही म्हणजे तू वाचवलंस, किंवा काही झालं नाही म्हणजे काही नव्हतंच. दोन्ही अगदी एकसारखं दिसतं. तिला बाबांचा राग आला, एकदम, पोटातून. आणि त्याच दमात मैत्री बागेतली पेरूंची पिशवी आठवली, तिचा निळा बंद बोटांत रुतलेला, आणि मग राग कुणावर करावा ते कळेना. "मले सिविक सेंटरले जाचं हाय," ती उठून म्हणाली. "एक कागद छापून सही करून पाठवाचा हाय. पाच के पहले." बाबा म्हणाले, "चाल, मी सोडून देतो."

बाबांची स्कूटर तीसच्या वर जात नाही. मागे बसून तिने फोन मुठीत धरला होता, चार ओळी तयार होत्या, छापायच्या, सही करायची, फोटो काढून पाठवायचा. दहा मिनिटांचं काम. उन्हाला जोर नव्हता. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना झाडं, त्यांच्या मागे एकासारखी एक घरं, आणि सगळ्याच्या वर कारखान्याच्या धुराड्यांचा तो तपकिरी पट्टा, लहानपणी तिला आकाशाचाच भाग वाटलेला. विमानातून रायपूरकडे येताना तो आधी दिसतो. काल दिसला नव्हता, ढग होते. काल दिसला असता तर? नाही, त्याचा काय संबंध. चार ओळी छापल्या की पीयूष सर सही करतील, इंजिनिअर सुटेल, आई मीठ-मोहरी बंद करेल, पुढच्या महिन्यात कागद येईल आणि बाबा तो कपाटात, फंडाच्या पावतीशेजारी ठेवतील. कुणाचं काही जात नाही. फक्त पुढच्या वेळी शेजारी पीयूष सर असतील. किंवा दुसरं कुणी. ती म्हणेल थांबा, आणि त्याच्या बोटाला बटण दाबायच्या आधी आठवेल की मागे एकदा ती अशीच म्हणाली होती आणि नंतर तिनेच लिहून दिलं की वारा होता. स्कूटरने वळण घेतलं, पुढे रस्ता रिकामा होता, सिविक सेंटरची दुकानं दिसत होती, आणि अपूर्वाचे दोन्ही हात वर गेले.

आपण ते केले की ते गेले, हे तिला नंतरही सांगता आलं नसतं. बाबांना आरशात दिसलं असावं. ब्रेक लागला, ती त्यांच्या पाठीवर आदळली, स्कूटर कडेला जरा सरकली आणि थांबली. मागून येणारा ऑटो कर्कश हॉर्न देत बाजूने गेला, ऑटोवाला मान बाहेर काढून म्हणाला, "अरे दाऊ, बीच सड़क में?" बाबांनी एक पाय जमिनीवर टेकवला. ते वळले नाहीत. काही विचारलं नाही. समोर कुत्रं नव्हतं, खड्डा नव्हता, पोर नव्हतं. तिने खरोखर शोधलं, डावीकडे, उजवीकडे, काहीतरी असावं म्हणून. कोरडा रस्ता, एक वाळकं पान, बस. तिचे हात अजून वर होते. रस्त्याच्या पलीकडून दोन बाया भाजीच्या पिशव्या घेऊन तिच्याकडे बघत उभ्या राहिल्या.

"काहीच नव्हतं बाबा," ती म्हणाली आणि हात खाली घेतले. तिचा आवाज तिला परका वाटला.

"बरं."

"तुमाले काही दिसलं?"

"नाही," बळीराम म्हणाले. त्यांच्या मानेवरचे पांढरे केस वाऱ्याने हलत होते. ते बोलले तेव्हा पुढे बघूनच बोलले. "मले काही नाही दिसलं. तू हात वर केले म्हून मी थांबलो. आन् पुन्हा केले तं पुन्हा थांबीन." त्यांनी हँडलवरची मूठ सोडली, पुन्हा धरली. "एवढंच बोलाचं होतं मले, तवा. ऑफिसात. कोनी विचारलं नाही म्हून राहून गेलं."

अपूर्वाला अजूनही माहीत नव्हतं. ओळ पडद्यावर होती की पुस्तकातली, तिसऱ्या चौकटीत की खाली, दोन सेकंद की तीन. काहीच नवं कळलं नव्हतं आणि आता कळेल असंही वाटत नव्हतं. तिने फोन उघडला. चार ओळी वाचल्या, पुसल्या. कोरा चौकोन उरला. दोनदा चुकीचं अक्षर पडलं. पिवळी ओळ दिसली असं वाटलं, तिने लिहिलं. खात्री देता येत नाही. मी गो अराउंड म्हटलं. कॅप्टनने ओळ पाहिली नव्हती, तरी त्याच क्षणी गो अराउंड केलं. त्यानंतर माझं पुढचं काम मी उशिरा केलं. ती थांबली. अजून एक वाक्य हवं होतं आणि ते येत नव्हतं. मागून एक मोटारसायकल आली, हॉर्न वाजवत बाजूने गेली. बाबा म्हणाले, "निघू?"

"थांबा अजून," ती म्हणाली.

बळीरामांनी किल्ली फिरवून स्कूटर बंद केली.